बैलाच्या कानातला बिल्ला

गेल्या वर्षभरात नांदेड, परभणी आणि केजहून मला बरेच फोन आले. बोलणारे बहुतेक पंचविशीतले. कुणाकडे कथा तयार आहे, कुणाच्या मामाने दहा लाख द्यायचं कबूल केलंय. प्रश्न मात्र सगळ्यांचा एकच असतो: "ताई, निर्मात्याने नेमकं करायचं काय असतं?" फोनवर अर्ध्या तासात हे सांगून होत नाही. म्हणून माझ्या पहिल्या मराठी सिनेमाचे दिवस जसे गेले तसे इथे लिहिते आहे. सिनेमाचं नाव मुद्दाम देत नाही. ही जाहिरात नाही.

मी मूळची अहमदपूर तालुक्यातली. २००९ साली मुंबईला गेले आणि दैनंदिन मालिकांच्या प्रॉडक्शनमध्ये लागले. सुरुवात जेवणाची कुपनं मोजण्यापासून झाली, शेवटी कार्यकारी निर्माती झाले. अर्ध्या तासाच्या स्लॉटसाठी रोज बावीसेक मिनिटांचा मजकूर लागायचा, बारा तासांची शिफ्ट असायची, एपिसोडची बँक, म्हणजे आधी शूट करून ठेवलेले भाग, संपत आली की पोटात गोळा यायचा आणि दर गुरुवारी टीआरपीचे आकडे यायचे. वेळ आणि पैसा कसा मोजायचा हे मी तिथे शिकले. पण मालिका वाहिनीच्या मालकीची असते. आपण ती बनवून द्यायची आणि पैसे नव्वद दिवसांनी यायचे. हक्क, परवानग्या, प्रमाणपत्र या गोष्टी कुणीतरी वरच्या मजल्यावर बघायचं, माझा त्यांच्याशी कधी संबंधच आला नाही. मार्च २०२० मध्ये चित्रीकरणं थांबली तशी मी गावी आले आणि परत गेले नाही.

एका शाळामित्राने कथा लिहिली होती. आजोबा आणि नातू लाल कंधारी बैलांची जोडी विकायला बाजाराला निघतात, वाटेत दोन दिवस जातात, एवढीच गोष्ट. मला ती आपली वाटली, कारण माझ्या आप्पांनी जोडी विकली त्या रात्री आमच्या घरात चूल पेटली नव्हती.

२०२२च्या एप्रिलमध्ये नांदेडच्या सीएंकडे गेले. त्यांनी आधी कागद पुढे केला आणि पैसे कुणाचे, किती, बुडाले तर कोण सोसणार हे माझ्याकडून लिहून घेतलं. माझी साठवण १४ लाख आणि तीन भागीदारांचे प्रत्येकी १८, असे ६८ लाख झाले. आम्ही एलएलपी, म्हणजे मर्यादित जबाबदारीची भागीदारी संस्था केली. पॅन, जीएसटी, चालू खातं हे सगळं हातात यायला सात आठवडे गेले. शेत गहाण टाकायचं नाही हे त्या दिवशीच ठरवलं होतं. ते पाळल्यामुळे पुढच्या दोन वर्षांत मला रात्री झोप लागली.

मग लेखकाशी करार. मित्र म्हणाला, "आपल्यात कशाला करार?" मी आग्रह धरला आणि वकिलाकडून लिहून घेतलं, ते बरं झालं. कॉपीराइट कायद्याच्या कलम १९ प्रमाणे हक्क किती वर्षांसाठी दिले ते करारात नसेल तर मुदत पाच वर्षं धरली जाते, आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणजे मैत्रीखातर चार ओळींचा कागद केला असता तर सहाव्या वर्षी सिनेमा माझ्या हातात असता पण कथा नसती. २०१२च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांच्या रॉयल्टीचा हक्कही त्यांच्याकडेच राहतो. तो काढून घेणारं कलम कुणी तुमच्या करारात घालून देत असेल तर घालू देऊ नका.

नावाची नोंदणी निर्मात्यांच्या संघटनेत होते. त्यासाठी आधी संस्थेचं सभासद व्हावं लागतं. आमची पहिली दोन नावं आधीच कुणीतरी घेऊन ठेवली होती. अर्ज करताना तीन-चार नावं पसंतीच्या क्रमाने द्या, आणि नाव हातात येईपर्यंत पोस्टर करू नका. आम्ही केलं होतं.

आता बैलांकडे येते. सिनेमात जनावर दाखवायचं असेल तर प्राणी कल्याण मंडळाची परवानगी चित्रीकरणाच्या आधी घ्यावी लागते, हे मला ऐकून माहीत होतं. मंडळाचं कार्यालय हरियाणात बल्लभगडला आहे. तिथे जावं लागत नाही, पण कागद नेमका लागतो. कुठल्या दृश्यात जनावर काय करणार, तारखा, ठिकाण, मालकाची संमती आणि पशुवैद्यकाचं आरोग्य प्रमाणपत्र. प्रमाणपत्रात बैलाचं वर्णन रंग-वयावर भागत नाही, कानातल्या पिवळ्या बिल्ल्याचा बारा आकडी नंबर लागतो. शिरूर ताजबंदजवळच्या एका शेतकऱ्याची जोडी आम्ही ठरवली होती, सोन्या आणि मोत्या. त्यांचे नंबर घालून ऑक्टोबर २०२२ मध्ये अर्ज केला, परवानगी पाच आठवड्यांनी आली.

हाळी-हंडरगुळीचा जनावरांचा बाजार आमच्या भागात सगळ्यांना ठाऊक आहे. कथेतला बाजार तोच. मी भरलेल्या बाजारात कॅमेरा न्यायच्या तयारीत होते. परवानग्यांचं काम बघणाऱ्या आमच्या सल्लागाराने थांबवलं: चित्रीकरणासाठी वापरलेल्या प्रत्येक जनावराचा प्रश्न निघेल. मग बाजार नसलेल्या दिवशी मोकळ्या माळावर माणसं, दावी, घुंगरमाळा, उसाचा रस आणि पेंडीची पोती मांडून बाजार उभा केला. जनावरं दोनच, आमची. बाकीचा बाजार आवाजाने भरला. पडद्यावर कुणाला शंका आली नाही.

नातवाचं काम करणारा मुलगा अकरा वर्षांचा, जिल्हा परिषदेच्या शाळेतला. बालकलाकाराबद्दलचे नियम प्रत्येक नव्या निर्मात्याने स्वतः वाचावेत, सहायकावर सोडू नयेत. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. मूल दिवसात पाच तासांपेक्षा जास्त काम करणार नाही, सलग तीन तासांनंतर विश्रांती, सलग २७ दिवसांपेक्षा जास्त काम नाही. त्याच्या कमाईतला किमान वीस टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावावर मुदत ठेव म्हणून ठेवायचा. लातूरला कलेक्टर ऑफिसात मी चार खेपा घातल्या. अडलं ते मुलाच्या नावापाशी, कारण जन्मदाखल्यावर एक आणि आधारवर दुसरं. दुरुस्तीला अकरा दिवस गेले. तुमच्या मुलाचे कागद निवड झाली त्याच दिवशी बघा. त्याच्या आईचा पहिला प्रश्न होता, "साळा बुडंल का?" मी शाळेच्या वेळा समोर ठेवून वेळापत्रक पुन्हा लिहिलं. त्यामुळे रोजचे दोन शॉट कमी होणार होते. झाले तर होऊ देत म्हटलं.

बाकी परवानग्या ग्रामपंचायत, पोलीस ठाणे आणि एसटीच्या. राज्याची एक खिडकी योजना ऑनलाइन आहे, तिचा उपयोग झाला. पण गावात शेवटी कागदाची दुसरी प्रत आणि तिच्यावरचा आवक शिक्का हेच चालतं. प्रत्येक अर्ज दोन प्रतींत न्या, पोच घ्या, फाइल सेटवर ठेवा. २३ डिसेंबरला येळवस, म्हणजे वेळ अमावस्येचा सण होता. त्या दिवशी लातूर जिल्ह्यात कुणी घरी सापडत नाही, सगळे शेतात. परवानगीचं काम काढूच नका. आंबील प्या.

९ जानेवारी ते ३ फेब्रुवारी २०२३, यात २३ दिवस चित्रीकरण झालं. संक्रांतीला सुट्टी दिली, २६ जानेवारीला मुलगा झेंडावंदन करून मग सेटवर आला. युनिट ४१ जणांचं. पुण्याहून आलेल्या मुलांना पहिले दोन दिवस ज्वारीची भाकरी तुटेना, तिसऱ्या दिवशी ती ठेचा मागून घ्यायला लागली. उसाचा हंगाम होता. रस्त्याने जाणाऱ्या ट्रॅक्टरवर डेक मोठ्याने लावलेला. आवाजाच्या माणसाने डोक्याला हात लावला. आम्ही दोन्ही वळणांवर एकेक मुलगा झेंडी घेऊन उभा केला. ड्रायव्हर लोक हात दाखवायचे, गाणं बंद करायचे, पुढे गेले की परत लावायचे. एकानेही नाही म्हटलं नाही. त्या माणसांची आठवण अजून येते.

चौदाव्या दिवशी नांगरटीचं दृश्य होतं. सकाळीच सोन्या मागच्या पायाने लंगडायला लागला. सेटवरच्या पशुवैद्यकाने खूर बघितलं आणि आज याला जुंपायचं नाही म्हणाले. बरोबरच होतं. मला त्या क्षणी दिसत होतं ते वेगळंच. भाड्याची क्रेन त्या एका दिवसापुरती आणलेली, आजोबांच्या भूमिकेतल्या नटाला रात्रीच्या गाडीने जायचं होतं, उन्हाचा तो तिरपा रंग आणखी दीड तास. शेजारच्या शेतातले आबा स्वतः म्हणाले, "माझा राजा घ्या की. सोन्याचा भाऊच हाय तो." राजा खरंच तसाच लाल, तशीच शिंगं. डॉक्टरांनी तपासला, निरोगी होता. मी हो म्हटलं. कुणी जबरदस्ती केली नाही, निर्णय माझा होता. दृश्य फार सुंदर झालं. मॉनिटरवर बघताना छायाचित्रकाराच्या डोळ्यांत पाणी आलं.

पैशाचं थोडं सांगते. सेटवर रोज ५५ ते ६० हजार लागायचे, त्यात जेवण, भत्ते, जनरेटरचं डिझेल, गाड्या. हजेरीचे पैसे दर शनिवारी. तिसऱ्या शनिवारी खात्यात पैसे होते पण बँकेचा सर्व्हर बंद. मी बहिणीकडून रोख आणून वाटली. स्पॉटदादा आणि लाइटमन यांचे पैसे एक दिवसही लांबवू नका, त्यांच्या घरची चूल त्यावर असते. कलाकार-तंत्रज्ञांच्या मानधनातून दहा टक्के टीडीएस कापला तेव्हा दोघे नाराज झाले. पुढे त्यांना तो विवरणपत्रात परत दिसला, गैरसमज मिटला. वर्षभरात ५० हजारांहून जास्त ज्यांना दिले त्यांची माहिती निर्मात्याला आयकर खात्याकडे वेगळी द्यावी लागते (तेव्हा फॉर्म ५२ए मध्ये). हे बऱ्याच नव्यांना ठाऊक नसतं. सीएंना आठवण करा.

एप्रिलपासून पुण्यात संकलन. मूळ फुटेजच्या तीन प्रती केल्या, त्यातली एक हार्ड डिस्क लातूरला बहिणीच्या कपाटात. जुलैच्या एका दुपारी संकलकाने नांगरटीचं दृश्य रंगासाठी मोठं केलं आणि राजाच्या कानातला पिवळा बिल्ला पडद्यावर आला. आकडे वाचता येत होते. परवानगीतल्या दोन्ही नंबरांशी जुळत नव्हते.

संकलक म्हणाला, बिल्ला पुसून टाकू, एका तासाचं काम आहे. मी रात्रभर विचार केला. सिनेमा झाल्यावर प्राणी कल्याण मंडळाकडे ना-हरकत मागताना मला सहीनिशी लिहून द्यायचं होतं की परवानगीतलीच जनावरं वापरली. ती सही माझ्याच्याने झाली नसती. सल्लागारानेही स्पष्ट सांगितलं, की ज्या जनावराची आधी नोंद नाही त्याचं दृश्य ठेवून अर्ज करणं म्हणजे आपणच अडकणं. दिग्दर्शक दोन दिवस माझ्याशी बोलला नाही. शेवटी १ मिनिट ५० सेकंद काढले. राहिले ते आजोबांचे हात, रुमण्यावरची पकड आणि माती. पुन्हा चित्रित करायचं तर नवी परवानगी, नवं वेळापत्रक आणि किमान सव्वा लाख लागणार होते, आणि खर्च तोवर ७४ लाखांवर गेला होता. वरच्या सहा लाखांसाठी मी दागिने तारण ठेवले होते.

घडलेलं सगळं लिहून, काढलेल्या भागाचा उल्लेख करून, डॉक्टरांचा अहवाल जोडून २१ ऑगस्टला अर्ज दिला. ना-हरकत १२ ऑक्टोबरला आली. ते सात आठवडे मी दर सकाळी मेल उघडायचे आणि आप्पा काही न विचारता चहा ठेवून जायचे. माझा सल्ला एवढाच: एका बैलाची गरज असेल तर तीन बैलांची नोंद करा. पाय कुणाचाही दुखू शकतो.

सेन्सॉरचा अर्ज ई-सिनेप्रमाण पोर्टलवर होतो. कथासार, श्रेयनामावली, संवाद, गाण्यांचे शब्द, नावाच्या नोंदणीचा कागद, प्राण्यांचं ना-हरकत, सगळं आधी स्कॅन करून एका फोल्डरमध्ये ठेवलं तर अर्ज दोन दिवसांत भरून होतो. नोव्हेंबरच्या अखेरीस आम्ही तो भरला आणि जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात मुंबईत सेन्सॉरच्या समितीला सिनेमा दाखवला. परीक्षण अधिकारी आणि सल्लागार मंडळाचे चार सदस्य आत सिनेमा बघतात, आपण बाहेर बसायचं. एकशे दोन मिनिटं मी त्या बाकावर होते. मालिकेच्या अकरा वर्षांत मी कधी इतकी शांत बसले नव्हते.

आत बोलावलं तेव्हा त्यांनी नीट समजावून सांगितलं. एका संवादातला जातिवाचक शब्द म्यूट करा. तो त्या पात्राच्या तोंडी खरा होता, तरी मला त्यांचं म्हणणं पटलं, कारण दृश्य त्या शब्दाशिवायही उभं राहत होतं. दुसरी गोष्ट आजोबांची चंची. तंबाखू मळण्याचं दृश्य काढणं शक्य नव्हतं, माणूसच अर्धा झाला असता. मग नियमाप्रमाणे सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर तीस-तीस सेकंदांचे आरोग्यसंदेश, वीस-वीस सेकंदांची सूचना, आणि तंबाखू पडद्यावर असेल तितका वेळ खाली इशारा. हे संकलनातच धरा. आम्हाला ध्वनिमिश्रण पुन्हा उघडावं लागलं, त्याचे ३८ हजार गेले. ८ फेब्रुवारी २०२४ रोजी 'यूए' प्रमाणपत्र मिळालं, म्हणजे लहान मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाखाली बघायचा सिनेमा. २०२४च्या नव्या नियमांनी यूएचे ७+, १३+ आणि १६+ असे भाग केले आहेत, तुम्हाला त्यातला एक मिळेल. प्रमाणपत्र आता दहा वर्षांनी संपत नाही, कायम चालतं.

मग वितरण. एप्रिल-मेमध्ये लोकसभेची निवडणूक आणि आयपीएल, म्हणून वितरक थांबा म्हणाले. पोळा २ सप्टेंबरला होता. बैलांचा सिनेमा, त्याआधीचा शुक्रवार म्हणजे ३० ऑगस्ट, याहून चांगली तारीख कुठली? मराठवाड्यात १९ पडदे मिळाले. शनिवारी लातूरला संध्याकाळचा खेळ अर्ध्याहून जास्त भरला. १ आणि २ सप्टेंबरला मराठवाड्यात अतिवृष्टी झाली. परभणी, हिंगोली, नांदेड, सगळीकडे नद्या-ओढ्यांना पूर. लोकांची जनावरं वाहून चालली होती, उभी सोयाबीन पाण्यात होती. अशा वेळी तिकिटांचे आकडे विचारायला मी फोन उचलला आणि परत ठेवला.

हिशेब मात्र सांगायला हवा, कारण तो कुणी सांगत नाही. शंभर रुपयांच्या तिकिटातून तेव्हा बारा टक्के जीएसटी गेला की ८९ रुपये २९ पैसे उरायचे. आमच्या करारात पहिल्या आठवड्याचा निम्मा वाटा होता, म्हणजे ४४ रुपये ६४ पैसे. त्यातून वितरकाचं कमिशन, डिजिटल प्रक्षेपणाचं भाडं आणि पोस्टर-जाहिरात. थिएटरमधून माझ्या खात्यात एकूण ९ लाख ४० हजार आले. पुढे वाहिनी आणि ओटीटीचे हक्क वेगवेगळे विकून निम्म्याच्या आसपास खर्च निघाला. राज्य शासनाची मराठी चित्रपटांसाठी अनुदान योजना आहे, अ दर्जाला ४० लाख, ब दर्जाला ३०. अर्ज केला आहे. भागीदारांना मी पहिल्याच बैठकीत सांगितलं होतं, अनुदान बजेटमध्ये धरायचं नाही. त्यामुळे आजही ते माझ्या घरी जेवायला येतात.

गावात दाखवायचा शब्द दिला होता. येळवशीच्या आदल्या संध्याकाळी, २९ डिसेंबर २०२४ला, शाळेच्या मैदानावर पडदा बांधला. घोंगड्या पांघरून तीन-साडेतीनशे माणसं बसली. नातवाचं काम केलेला मुलगा आता आठवीत जायच्या बेतात, पहिल्या रांगेत मान खाली घालून बसला होता. त्याच्या आईने ठेवीची पावती अजून पिशवीत जपून ठेवली आहे, मला काढून दाखवली.

सिनेमा संपल्यावर माणसं पांगली. आबा तिथेच उभे.

"ताई, माझा राजा कुठं गेला? समदं घर घेऊन आलतो बगायला."

मी त्यांना सगळं सांगितलं. परवानगी, नंबर, बिल्ला, सही. त्यांनी पूर्ण ऐकून घेतलं. बराच वेळ काही बोलले नाहीत.

"म्हंजी त्याचा बिल्ला आदी लिवून घ्यायला पायजे व्हता तुमी."

"हाव आबा."

"मंग पुढच्या बारीला लिवून घ्या. अजून पाच-सात वर्सं हाय तो."

दुसऱ्या दिवशी त्यांच्या शेतात आंबील प्यायला गेले. राजा बांधाला उभा होता. कान धरून आबांनी त्याला स्थिर केलं आणि मी फोटो काढून आणला. बाराही आकडे स्पष्ट आले आहेत.